वाचकांचे प्रश्न : रेशीम गिरणी, टोकियो आणि एक आई

यासुजिरो ओझू या जपानी दिग्दर्शकाच्या १९३६ सालच्या ‘हितोरी मुसुको’, म्हणजे ‘एकुलता एक मुलगा’, या बोलपटाविषयी गेल्या अंकात लिहिले होते. त्यावर आलेल्या पत्रांपैकी सहा प्रश्न येथे घेतले आहेत. तो अंक ज्यांच्या हाती लागला नाही, त्यांच्यासाठी कथानक थोडक्यात सांगतो. १९२३ साली शिन्शू या डोंगराळ प्रांतातील रेशीम गिरणीत काम करणारी त्सुने ही विधवा ऐपत नसतानाही मुलाला माध्यमिक शाळेत पाठवते. मुलगा रियोसुके शिकून टोकियोला जातो. १९३६ साली ती त्याला भेटायला जाते, तेव्हा तिला कळते की त्याने लग्न केले आहे, त्याला एक तान्हे मूल आहे, आणि शहराच्या कडेला एका पडक्याशा वस्तीत राहून तो रात्रशाळेत तुटपुंज्या पगारावर शिकवतो. आई काही दिवस राहते आणि परत जाते. घटना म्हणाव्यात तर एवढ्याच.

हा चित्रपट शहरी जीवनावरचा म्हणून ओळखला जातो, परंतु त्याची सुरुवात आणि शेवट दोन्ही खेड्यात होतात. ओझूंना शहराचा तिटकारा होता असे समजावे काय?
— निवृत्त मुख्याध्यापक, डिचोली

गुरुजी, आपल्या प्रश्नात ‘खेडे’ हा जो शब्द आला आहे, तेथेच थोडे थांबू या. चित्रपटाच्या सुरुवातीला आपण जे पाहतो ते शेतीभातीचे, देवळाभोवती वसलेले खेडे नव्हे. ती एक गिरणी आहे. रांगेने बसलेल्या बायका, प्रत्येकीसमोर उकळत्या पाण्यात तरंगणारे रेशमाचे कोश, त्या कोशांतून सुटणारे डोळ्यांना धड न दिसणारे तंतू, आणि ते एकत्र ओढून घेणारी फिरती चाके. दिवसभर वाफेत राहिलेल्या हातांनी कोशाचे टोक शोधायचे आणि धागा तुटू द्यायचा नाही, हे त्या बायकांचे काम. कच्चे रेशीम हा त्या काळातील जपानचा सर्वांत मोठा निर्यातीचा माल होता आणि त्यातील बहुतांश अमेरिकेला जात असे. जपानच्या आधुनिकीकरणासाठी लागलेले परदेशी चलन फार मोठ्या प्रमाणावर अशा गिरण्यांतील बायकांच्या बोटांतून आले. तेव्हा यंत्रयुग टोकियोत होते आणि शिन्शू त्याच्या बाहेर होते, असे चित्रपट म्हणत नाही. मुलगा शहरात जाण्यापूर्वीच आई यंत्राशी बांधली गेलेली आहे, आणि त्याच यंत्राच्या मजुरीतून त्याच्या शाळेची फी भरली जाते.

डिचोलीच्या वाचकाला हे अधिक समजावून सांगण्याची गरज पडू नये. आपल्या गोव्यात लोहखनिजाची खाण थेट गावातच आली. ट्रक आले, बार्ज आल्या, आणि डोंगरातली तांबडी माती बंदरातून परदेशी जाऊ लागली. त्यातला मोठा वाटा अनेक दशके जपानच्याच पोलाद कारखान्यांकडे गेला. १९२९ साली अमेरिकेतला बाजार कोसळला तेव्हा रेशमाचे भाव पडले आणि शिन्शूच्या घराघरांत चुली मंदावल्या. २०१२ साली खाणी थांबल्या तेव्हा ट्रकांचे हप्ते डोक्यावर घेऊन बसलेली घरे आपण पाहिली आहेत. दूरचा कोणी तरी भाव ठरवतो आणि घर इथले हलते, ही गोष्ट दोन्हीकडे सारखीच आहे.

आता टोकियोविषयी. १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपात आणि त्यानंतरच्या आगीत लाखाहून अधिक माणसे गेली आणि शहराचा मोठा भाग जळून गेला. पुढच्या काही वर्षांत तेथे नवे पूल, नवे रस्ते आणि पक्क्या इमारती उभ्या राहिल्या. १९२७ च्या डिसेंबरात भुयारी रेल्वे सुरू झाली, आणि १९३२ साली भोवतालची गावे सामावून घेऊन शहराचे पंधरा विभागांचे पस्तीस विभाग झाले. लोकसंख्या पन्नास लाखांच्या घरात गेली. रियोसुके ज्या सुनामाची भागात राहतो, तोही त्याच वर्षी शहरात ओढला गेलेला. म्हणजे नकाशावर तो टोकियोत राहतो, पण त्याच्या वाट्याला आलेले टोकियो म्हणजे यंत्रांचा दिवसभर ऐकू येणारा ठोका, मोकळे माळ आणि कचरा जाळण्याच्या भट्ट्यांची उंच धुराडी. त्या धुराड्यांसमोर गवतावर मायलेक बसतात आणि मुलगा सांगतो की टोकियोचा कचरा तेथे जाळतात. त्यानंतर तो आईला विचारतो की मी कोण होईन असे तुला वाटले होते. आई निराश झाली आहे काय, हे त्याला विचारायचे आहे, आणि उत्तराची त्याला भीती वाटते आहे. या प्रसंगात दोघांपैकी कोणाचाही आवाज चढत नाही.

तरीही हा तिटकारा नव्हे. ओझूंचा जन्म १९०३ साली टोकियोच्या फुकागावा भागात, सुनामाचीच्या अगदी शेजारी झाला होता, आणि तिथल्या माणसांवर त्यांचा जीव होता हे प्रत्येक प्रसंगात जाणवते. रात्री फेरीवाल्याकडून नूडल्सचे वाडगे घेऊन मुलगा आईला खाऊ घालतो, तो प्रसंग पाहावा. रस्सा चवदार असतो असे तो तिला सांगतो, आणि तिला ते खरोखर आवडावे यासाठी त्याची चाललेली धडपड पाहून पोटात कालवते. शेजारच्या मुलाला घोड्याची लाथ बसते तेव्हा त्याला उचलून दवाखान्यात नेणारा आणि त्याच्या आईच्या हातात पैसे ठेवणारा माणूसही याच वस्तीत राहतो. ते पैसे रियोसुकेच्या बायकोने आपला किमोनो विकून सासूला शहर दाखवण्यासाठी आणलेले असतात. ओझू शहराला दोष देत नाहीत आणि गावाची आरतीही ओवाळत नाहीत. शहराकडे जाण्याचा खर्च कोणाच्या अंगावर पडला, याचा हिशेब ते मांडतात. आणि तो हिशेब गिरणीतल्या हातांपासून विकलेल्या किमोनोपर्यंत मुख्यतः बायकांच्या नावे लिहिलेला आहे. माझ्या मते या चित्रपटाचे मोठेपण येथे आहे.

चित्रपटात कॅमेरा सतत जमिनीलगत का ठेवला आहे, आणि माणसे निघून गेल्यावरही रिकामी खोली का दाखवत राहतात?
— महाविद्यालयीन विद्यार्थिनी, मडगाव

जपानी घरात माणसे चटईवर बसतात. ओझूंचा कॅमेरा त्यांच्या नजरेच्या उंचीवर, पुष्कळदा त्याहूनही खाली असतो. आपल्याकडे ओसरीवर मांडी घालून बसलेल्या माणसाला घर जसे दिसेल, तसे ते दिसते. उभ्या माणसाच्या नजरेने गरिबाच्या खोलीकडे पाहिले की पाहणाऱ्यात नकळत एक वरचढपणा येतो, आणि तो येथे येऊ शकत नाही.

रिकाम्या खोलीविषयी एकच जागा सांगतो. रात्री आई झोपलेली नसते. हरलो म्हणून बसून राहिलेल्या मुलाला ती कडक शब्दांत जागे करते, सून अंथरुणात रडते, आणि मग खोलीचा एक कोपरा पडद्यावर बराच वेळ नुसता राहतो. त्या वेळात पाहणाऱ्याने काय करावे, असे तुम्ही पत्रात विचारले आहे. काही करू नये. एखाद्या घरात जड शब्द बोलले गेल्यानंतर आपण भिंतीकडे पाहत बसतो, तसे बसावे.

आपल्याकडे ‘आलम आरा’ १९३१ सालीच आला. मग ओझूंचा हा पहिला बोलपट १९३६ पर्यंत का लांबला?
— म्हापसा येथील वाचक

जपानमधला पहिला यशस्वी बोलपटही १९३१ चाच, आणि तो ओझू ज्या शोचिकू कंपनीत काम करत होते तिनेच काढला. परंतु तेथे मूकपट चटकन मागे पडले नाहीत. पडद्याशेजारी उभे राहून सर्व पात्रांचे संवाद बोलणारा आणि कथा सांगणारा बेन्शी हा कलावंत तिकडच्या प्रेक्षकांचा फार लाडका होता. काही बेन्शींची नावे तर नटांपेक्षाही मोठी होती, त्यामुळे मुक्या चित्रपटाला आवाज नव्हता असे तेथील प्रेक्षकाला कधी वाटलेच नाही.

ओझूंचे वैयक्तिक कारण मात्र मैत्रीचे होते. त्यांचे छायालेखक हिदेओ शिगेहारा स्वतःची ध्वनिमुद्रणाची पद्धत तयार करत होते आणि ती सिद्ध होईपर्यंत थांबण्याचा शब्द ओझूंनी त्यांना दिला होता. ती सिद्ध झाली तोवर कंपनीने कामाता येथील जुना स्टुडिओ सोडून ओफुना येथे नवा उभारला होता. तेथे दुसरी ध्वनिपद्धत होती, म्हणून ‘एकुलता एक मुलगा’चे चित्रीकरण रिकाम्या झालेल्या कामातात करावे लागले. जवळून जाणाऱ्या आगगाड्यांचा आवाज मुद्रणात शिरत असल्यामुळे मध्यरात्री काम सुरू होई आणि पहाटे पाचच्या सुमारास थांबे. रात्रभरात चार-पाच तुकडे पुरे होत. पडद्यावर जे मंद, शांत आणि घाई नसलेले वाटते, ते अशा जागरणांतून आलेले आहे, हे ध्यानात ठेवून पुन्हा एकदा पाहावे.

मराठीत किंवा आपल्या चित्रपटसृष्टीत त्या काळी असा विषय कोणी हाताळला होता काय?
— ग्रामीण ग्रंथालयाचे सभासद, पेडणे

होय, आणि तो जपानच्या मागे नव्हता. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत बाबूराव पेंटर यांनी १९२५ साली ना. ह. आपटे यांच्या कथेवरून ‘सावकारी पाश’ हा मूकपट केला. सावकाराच्या कर्जात जमीन गेलेला शेतकरी शहरात जाऊन गिरणी कामगार होतो, असे त्याचे कथानक होते आणि तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. तो मूकपट आज पाहायला मिळत नाही, ही आपल्या सर्वांची हानी आहे. पेंटरांनी त्याचा बोलपट १९३६ साली केला. म्हणजे कोल्हापूरच्या आणि टोकियोच्या दोन दिग्दर्शकांनी एकमेकांची कल्पना नसताना, एकाच वर्षी, गाव सोडून गेलेल्या माणसाची गोष्ट बोलपटात आणली.

दोहोंतला फरकही पाहण्यासारखा आहे. पेंटरांच्या शेतकऱ्याला सावकार हाकलून लावतो, त्यामुळे प्रेक्षकाला राग कोणावर धरावा हे कळते. ओझूंच्या मुलाला कोणी हाकलत नाही. वर्गातला एक चांगला शिक्षक आनंदाने घरी येतो, मुलगा पुढे शिकणार म्हणून आईचे अभिनंदन करतो, आणि तिने ‘हो’ म्हटलेलेच नसताना मुलाने परस्पर सांगून टाकल्याचे तिला तेव्हा समजते. गुरुजी गेल्यावर ती मुलाच्या थोबाडीत मारते आणि त्याच रात्री त्याला शिकवण्याचा निश्चय करते. तो शिक्षक ओकुबोही मोठ्या आशेने टोकियोला जातो, आणि पुढे आपण त्याला डुकराच्या मांसाचे तळलेले कटलेट विकणाऱ्या छोट्या खानावळीत पाहतो. ही भूमिका चिशू रियू यांनी केली आहे. तिघांपैकी कोणाचेही काही चुकलेले नाही, आणि म्हणून राग धरायला जागा उरत नाही.

आईने घर आणि तुतीची शेते विकली हे मुलापासून इतकी वर्षे लपवले, आणि गावी परतल्यावर मैत्रिणीला मुलगा मोठा झाला असेही सांगितले. हे खोटे बोलणे चित्रपटाला मान्य आहे काय? शेवट पाहून मला रात्रभर झोप लागली नाही.
— गृहिणी, वाळपई

ताई, आपले पत्र मी दोनदा वाचले आणि उत्तर लिहायला आठवडा लागला. याचे कारण घरचे आहे, ते आधी सांगतो.

माझ्या आजीने थोरल्या मामाला मुंबईला धाडताना हातातल्या पाटल्या मोडल्या. पोर्तुगीज अमदानीत पुढचे शिक्षण हवे तर गोव्याबाहेर पडण्यावाचून अंत्रुज महालातल्या, म्हणजे फोंड्याकडच्या, साध्या घरांना दुसरी वाट नव्हती. मामा शिकले, कापडाच्या एका पेढीवर कारकून झाले आणि जन्मभर तेच राहिले. दर महिन्याला त्यांचे कार्ड येत असे आणि त्यात ‘येथे सर्व खुशाल’ असे लिहिलेले असे. आजी एकदाच मुंबईला गेली. आठ जणांच्या बिऱ्हाडात मामा गॅलरीत झोपतात हे तिने पाहिले. घरी आल्यावर तुळशीपाशी जमलेल्या शेजारणींना तिने सांगितले की मुलगा मोठ्या हुद्द्यावर आहे, हाताखाली माणसे आहेत. मी तेव्हा सात-आठ वर्षांचा असेन. सांगताना तिची बोटे दुसऱ्या हाताच्या मोकळ्या मनगटावर फिरत होती, आणि ती तिथे काय शोधत होती ते मला पुष्कळ वर्षांनी कळले.

तेव्हा ‘खोटे’ हा शब्द मला येथे लावता येत नाही. घर विकल्याचे लवकर कळते तर मुलगा शिक्षण सोडून परत आला असता. आईने ज्यासाठी घर विकले तेच बुडाले असते, म्हणून ती गप्प राहिली. आता ती गिरणीच्या चाळीत राहते हे तिने सांगितले ते मुलाने हात टेकले तेव्हा, आणि तेही त्याला लाज वाटावी म्हणून नव्हे, तर त्याने पुन्हा उठावे म्हणून. शेजारच्या मुलाला त्याने केलेली मदत पाहून ती त्याला म्हणते की तू गरीब राहिलास हेच कदाचित बरे झाले. हे ती मनापासून म्हणते असे मला वाटते. त्याच वेळी तिची निराशाही तितकीच खरी आहे. एकाच माणसात या दोन गोष्टी एका वेळी राहू शकतात, हे ओझूंनी कोणत्याही भाषणाशिवाय दाखवले आहे. चित्रपटाच्या आरंभी त्यांनी अकुतागावा या लेखकाचे एक वाक्य पडद्यावर दिले आहे. त्याचा आशय असा की जीवनाच्या शोकांतिकेचा पहिला अंक आईबाप आणि मूल या नात्यापासून सुरू होतो. ते वाक्य आधी वाचताना मोठे आणि अवजड वाटते. शेवटच्या प्रसंगात ते आपल्यासमोर बसलेले असते.

त्या प्रसंगात त्सुने गिरणीत सफाईचे काम करते आहे. मैत्रीण विचारते, ती सांगते की मुलगा मोठा झाला, सूनही चांगली मिळाली. मग ती बाहेर येते, एकटी बसते आणि तिचा चेहरा उतरतो. चोको ईदा या अभिनेत्रीने तेथे हुंदका दिलेला नाही की डोळे पुसलेले नाहीत. सगळा भार खांदे आणि मान यांवर आहे. त्यानंतर गिरणीचे बंद फाटक दिसते आणि चित्रपट संपतो.

टोकियोहून निघताना तिने नातवासाठी काही पैसे चिठ्ठीसह ठेवले होते, आणि ते पाहून मुलाने पुन्हा अभ्यास करून परीक्षा देण्याचे ठरवले होते, ही बाब आपल्या पत्रात आलेली नाही. तो ती परीक्षा देईल की नाही हे चित्रपट सांगत नाही. मला तो देईल असे वाटते. माझ्या मामांनीही चाळिशीनंतर हिशेबनिसाची एक परीक्षा दिली होती आणि उत्तीर्ण झाल्याचे कार्ड आजीला पाठवले होते. पगार फारसा वाढला नाही. कार्ड मात्र आजीने देव्हाऱ्याच्या खणात ठेवले होते आणि ती गेल्यावर आम्हाला ते तेथेच मिळाले.

आमच्या वाचनालयात ज्येष्ठ नागरिकांना हा चित्रपट दाखवायचा आहे. इंग्रजी सबटायटल त्यांना वाचता येत नाहीत. काय करावे? आणि पुढे आणखी कोणते चित्रपट घ्यावेत?
— वाचनालयाचे कार्यकर्ते, फोंडा

पुढच्या चित्रपटांविषयी आधी थोडक्यात. ओझूंचेच दोन मूकपट घ्यावेत. ‘टोकियो कोरस’ हा १९३१ चा. विमा कंपनीतला एक तरुण म्हाताऱ्या सहकाऱ्याची बाजू घेतो, नोकरी गमावतो आणि जुन्या शिक्षकाच्या खानावळीची जाहिरातपत्रके रस्त्यावर वाटतो. ट्राममधून जाणाऱ्या बायकोला तो तसा दिसतो. ‘जन्माला आलो खरा, पण…’ हा १९३२ चा. वडील साहेबापुढे विदूषकासारखे चाळे करतात हे दोन लहान भावांना साहेबाच्या घरी दाखवलेल्या हौशी चित्रफितीत दिसते आणि ते जेवण सोडतात. तो आधी हसवतो आणि मग हसू मावळते, म्हणून ज्येष्ठांबरोबर नातवंडांनाही बोलवावे.

सबटायटलची अडचण आम्हालाही आली होती. आम्ही बेन्शीचाच मार्ग धरला. स्वच्छ उच्चारांचा एक माणूस निवडून त्याला चित्रपट तीनदा दाखवला आणि संवादांचे मराठी कागदावर लिहून दिले. गोव्यात दर जत्रेला मराठी नाटके होतात, त्यामुळे प्रॉम्प्टिंग केलेला माणूस गावोगावी मिळतो. त्याला कोठे थांबायचे हे ठाऊक असते. त्याने पात्रांचे आवाज काढू नयेत, नाटकी होऊ नये, पहिल्या रांगेच्या कडेला बसून माईकवर हलक्या आवाजात फक्त अर्थ सांगावा, आणि जेथे पात्रे गप्प आहेत तेथे स्वतःही गप्प राहावे. हे शेवटचे सर्वांत अवघड जाते. धुराड्यांसमोरच्या प्रसंगात आमचा वाचक घाबरून बोलू लागला होता आणि मागून एका आजींनी त्याला ‘राव मरे’, म्हणजे ‘थांब रे’, म्हणून गप्प केले.

त्सुने गिरणीतून बाहेर येऊन बसते तेव्हा माईक बंद करावा. चित्रपट संपल्यावर दिवे लगेच लावू नयेत.